दोन घंट्या

डेपोत त्याला सगळे हँडब्रेक म्हणत. एकदा अडला की जागचा हलायचा नाही. पण आज न्यायाधीशांनी याचिका मागे घेता का असं विचारलं, तेव्हा तो अडला, तो काही हट्टामुळे नव्हे.

झालं होतं असं. थांब्यावर एक म्हातारी चढत असतानाच त्यानं बस सोडली. ती पडली, हात मोडला. घंटी झाली नव्हती, मीच घाई केली, असं त्यानं लिहून दिलं. खात्यानं त्याला एका शब्दानं न विचारता काढून टाकलं. वकिलांनी नेमका तोच मुद्दा धरला, की माणसाचं म्हणणं ऐकूनच घेतलं नाही. वकील भला माणूस. आपल्या अशिलाला काही ऐकवायचंच नाहीये, हे त्यांच्या गावीही नव्हतं.

कारण घंटी झाली होती. दोनदा, खणखणीत, म्हणजे गाडी सोडा. आणि मागे कंडक्टर होती ती त्याची बायको. गर्दीत तिला म्हातारी दिसलीच नव्हती. त्या संध्याकाळी ती रडायला लागली, तेव्हा दोघांची जाण्यापेक्षा एकाची नोकरी गेलेली बरी, असं म्हणून त्यानं तिला गप्प केलं. ती गप्प बसली खरी, पण तेव्हापासून तिच्या घशाखाली घास धड उतरत नव्हता. आणि स्टिअरिंगवाचून तो घरात नुसता भिंतींवर चिडत होता, म्हणून तर कोर्टात आला होता.

न्यायाधीश म्हणत होते, खात्यात अपिलाची सोय आहे, तिकडे जा. याचिका मागे घेतलीत तर उशीर झाला म्हणून ते अपील फेटाळणार नाहीत, सगळ्यांना बोलावून सुनावणी घेतील, तसं आम्ही आदेशात लिहितो. नाही घेतलीत, तर आम्हालाच फेटाळावी लागेल.

वकील हरखून त्याच्या कानाशी लागले. "घ्या मागे. मागितलं तेच पदरात पडतंय. कंडक्टरलासुद्धा विचारतील."

इकडे आड, तिकडे विहीर. फेटाळली तर गाडी कायमची सुटली. मागे घेतली तर घंटी कुणी दिली हे बायकोला विचारणार, आणि तिला खोटं बोलता येत नाही. येत असतं तर संसारातली निम्मी भांडणं टळली असती.

"लवकर सांगा," न्यायाधीश म्हणाले.

नाही म्हणायला त्यानं तोंड उघडलं. तेवढ्यात मागच्या बाकावर टकटक झाली. दोनदा. शिपायानं डोळे वटारले. त्यानं वळून पाहिलं तर बायको बाकावर हात ठेवून ताठ बसली होती आणि थेट त्याच्याकडे बघत होती. त्याला तिचा भयंकर राग आला. पण दोन घंट्या झाल्यावर गाडी थांबवून ठेवणं त्याला आजवर जमलं नव्हतं.

"घेतो मागे," तो म्हणाला.

बाहेर जिन्यात तो तिला चांगलं फैलावर घेणार होता. तिनंच आधी त्याचा दंड धरला.

"अहो, या वेळी नीट बघून दिलीय."