एक दस्त नाकारला, एक नोंदवला

दस्त माझ्या टेबलावर होता. स्टॅम्प पेपर बरोबर, साक्षीदार हजर. फक्त जमीन विकणारा माणूस मेलेला होता, आणि हे मला ठाऊक होतं, कारण त्याच्या तेराव्याला मी जेवून आलो होतो.

तेव्हा मी तंजावूरला सब-रजिस्ट्रार होतो. गावात अपार्टमेंट नावाचं नवं खूळ आलं होतं. आमच्याकडे फ्लॅटची नोंदणी म्हणजे खरं तर त्याच्याखालच्या जमिनीतल्या वाट्याची नोंदणी. ही जमीन नारायणरावांची, राजवाड्यामागच्या गल्लीतल्या आमच्याच मराठी मंडळींपैकी. त्यांनी इमारत बांधणाऱ्या प्रमोटरला पॉवर दिली होती, म्हणजे 'माझ्या वतीनं तू सही कर' असा अधिकार. देणारा मेला की हा अधिकार त्याच क्षणी संपतो.

समोर बसले होते माधवराव, निवृत्त मास्तर. तिरुवैयारुचं घर विकून त्यांनी तळमजल्याचा फ्लॅट घेतला होता, कारण त्यांच्या पत्नीला, रुक्माबाईंना, जिने चढवत नव्हते. पैसे पुरते दिले होते. किल्ली दस्त झाल्यावर मिळणार होती. प्रमोटर आधीच दस्त करून द्यायला तयार होता, पण मार्गळी महिना लागला होता आणि त्या महिन्यात आमच्याकडे कुणी घरदार घेत नाही. मास्तर पुढच्या तई महिन्यासाठी थांबले. मार्गळीतच नारायणराव गेले.

"मास्तर, हा दस्त होत नाही," मी म्हणालो.

प्रमोटर तमिळमध्ये म्हणाला, "सार, पॉवर संपल्याचा कागद कुठाय तुमच्याकडे?"

"कागद नाही. तेराव्याला मी पंगतीत होतो."

मास्तर हळूच म्हणाले, "तुमच्या जागीं दुसरा असता तर त्यास कळलेंही नसतें."

"नसतं."

"तर तुम्हांसही ठाऊक नाहीं असें समजा."

मला तसं समजता येईना. मी सांगितलं, नारायणरावांचा एकुलता एक मुलगा सेतू, त्याची सही आणा. तोवर कोर्टातून स्टे घेऊन ठेवा, म्हणजे त्याला वाटा दुसऱ्याला विकता येणार नाही.

"सेतूवर केस घालूं? मी शिकवलेला मुलगा तो. माझा हात धरून म्हणाला, बाबांचा शब्द तो माझा शब्द."

सेतू आधी म्हणाला, वारसाचा दाखला यायचाय. मग म्हणाला, बायकोशी बोलतो. तोवर जमिनीचे भाव चढत होते. मास्तर त्याच्याकडे जायचे, कॉफी पिऊन परत यायचे. वकील गाठा, असे मी निरोप धाडत राहिलो.

मग एका सकाळी सेतू माझ्या ऑफिसात आला. हातात वारसाचा दाखला, सोबत कुंभकोणमचा एक व्यापारी आणि तोच प्रमोटर. नव्या भावात त्याचाही वाटा होता. दस्त तळमजल्याच्या त्याच फ्लॅटचा.

"सेतू, हा मास्तरांचा आहे."

"त्यांच्या नांवें दस्त आहे काय, काका?"

"नाही."

"कोर्टाचा स्टे?"

"नाही."

"तर मग करा."

मालकीचा निवाडा सब-रजिस्ट्रारला करता येत नाही. विकणारा समोर आहे, जिवंत आहे, मनाई नाही, तर दस्त नोंदवायचाच. मी त्याचा अंगठा घेतला. अशी चीड आली होती की शिक्का टेबल हादरेल इतक्या जोरात मारला. त्यानं काही बिघडलं नाही, दस्त पक्का झाला.

मग मास्तर कोर्टात गेले. व्यापाऱ्याला आधीच्या व्यवहाराची कल्पना नव्हती, असं त्याच्या वकिलानं पटवलं. साक्षीला मलाही बोलावलं.

मास्तरांच्या वकिलानं विचारलं, "खरा व्यवहार ठाऊक असून तुम्ही तो दस्त नाकारलात, आणि फसवणूक ठाऊक असून हा नोंदवलात?"

"हो," मी म्हणालो. दोन्ही वेळा कायद्यानं वागलो होतो, आणि दोन्ही वेळांची मला लाज वाटत होती.

निकाल कित्येक वर्षांनी लागला. मास्तरांना भरलेले पैसे परत, फ्लॅट व्यापाऱ्याला. त्या पैशांत तोवर गावात स्कूटर ठेवायची शेडही मिळाली नसती. दोघं भाड्याच्या घरात राहिली, वरच्या मजल्यावर.

निकालाच्या दिवशी रुक्माबाई कोर्टाच्या व्हरांड्यात बसल्या होत्या. म्हणाल्या, "भाऊजी, तुमचें कांहीं चुकलें नाहीं म्हणतात सगळे. मग आमचें काय चुकलें, तेवढें सांगा."

"पैसे दिले त्याच दिवशी दस्त करायचा होता," मी म्हणालो.

आजही फ्लॅट घेणारा कुणी सल्ला विचारतो, तेव्हा मी हेच सांगतो. बहुतेक जण हसून म्हणतात, विकणारा आपलाच माणूस आहे.