सरांचा क्वोथ

इंग्रजांनी स्वतःच्या भाषेतून केव्हाच हद्दपार केलेला एक शब्द आता सगळ्या जगात फक्त म्हैसूरला वापरात आहे, आणि म्हैसुरातही एकाच घराच्या तळमजल्यावर. ते घर आमच्या घरमालकांचं. कडकोळच्या कारखान्यात मला नोकरी लागली, मी आणि मंजिरी नाशिकहून म्हैसूरला आलो आणि त्यांच्या वरच्या मजल्यावर राहिलो. घरमालक कॉलेजात इंग्रजी शिकवून निवृत्त झालेले, म्हणून अख्ख्या गल्लीसारखे आम्हीही त्यांना सर म्हणायला लागलो. आणि तो शब्द म्हणजे 'क्वोथ'. पहिल्यांदा ऐकला तेव्हा सरांना उचकी लागली असं समजून मी पाणी आणायला धावलो होतो.

अर्थ म्हणाल तर अगदी साधा. क्वोथ म्हणजे म्हणाला. किंवा म्हणाली. पण त्या एका शब्दावर सरांचं सगळं घर चालायचं. सरांचे पूर्वज कधी काळी महाराष्ट्रातून कापड आणि कात्री घेऊन म्हैसूरकडे आले, शिवणकामात रमले, विठोबाचं भजन सोडलं नाही आणि घरातली मराठीही सोडली नाही. फक्त तिला कानडी अस्तर लावून घेतलं. सरांनी त्यावर इंग्रजी काजं-बटणं केली. त्यामुळे त्यांचं एक वाक्य समजून घ्यायला तीन भाषा लागत आणि आम्हाला सुरुवातीला त्यातली दीडच येत होती. आम्ही राहायला आलो त्याच आठवड्यात ते जिन्याखाली उभे राहून मोठ्यानं ओरडले, "'नाळे नीरु बरल्ला', क्वोथ द वॉटरमन!" मी वरून नम्रपणे 'थँक यू सर' म्हणालो. दुसऱ्या दिवशी तोंडाला साबण लावल्यावर नळानं नुसता सुस्कारा टाकला, तेव्हा कळलं की 'उद्या पाणी येणार नाही' असं पाणी सोडणारा माणूस म्हणाला होता. सरांनी त्याचे शब्द त्याच्याच भाषेत, त्याच्याच सुरात, एक काना-मात्रा न बदलता आमच्यापर्यंत पोचवले होते. आम्ही मात्र कोरडे राहिलो.

क्वोथला नियम फार. तो नेहमी माणसाच्या आधी उभा राहतो. 'क्वोथ ही', म्हणजे 'म्हणाला तो', असं म्हणायचं, 'ही क्वोथ' म्हटलं की सर कानावर हात ठेवत. त्याला वर्तमानकाळ नाही, भविष्यकाळ नाही. एकदा काकूंचा, म्हणजे सरांच्या बायकोचा, विषय निघाला तेव्हा मंजिरी गमतीनं म्हणाली, "सर, उद्या मी काकूंना क्वोथ करीन." सरांनी हातातली काफी खाली ठेवली. "उद्याचं कसं क्वोथ करशील? बोलून झालं त्यालाच क्वोथ. आधी बोल, मत्ते बघू." शिवाय तो समोरच्या माणसालाही सहसा लावत नाहीत. मी म्हणालो, तो म्हणाला, चालतं. तू म्हणालास, नाही. यामागचं कारण सरांनी स्वतः शोधून काढलं होतं आणि ते कुठल्याही शब्दकोशात सापडणार नाही याची त्यांना खात्री होती. "तोंडावर 'तू म्हणालास' म्हटलं की भांडण झालंच. जुने लोक शहाणे, अल्लवा? नाही का?"

समोरच्या बंगल्यातले निवृत्त बँक अधिकारी एकदा सकाळी सरांबरोबर बागेत फिरताना सहज म्हणून गेले की हा शब्द 'कोट' करणे यातूनच आला असावा. एवढ्या निरपराध वाक्यासाठी त्यांना त्या सकाळी बागेच्या फेऱ्या वाढवून मारायला लागल्या. कोट हा लॅटिनच्या घरचा पाहुणा आणि क्वोथ इंग्रजीच्या पोटचा, दोघांचं तोंड थोडं सारखं दिसतं म्हणून त्यांना भाऊ ठरवायचं नाही, हे सरांनी त्यांना घाम येईपर्यंत पटवलं. क्वोथचा खरा सख्खा 'बिक्वीथ', म्हणजे मृत्युपत्रानं देणं. "पूर्वी माणूस नुसतं बोलला तरी ते दिल्यासारखंच होतं," असं सर म्हणाले, तेव्हा बँक अधिकारी कुंपणाला टेकून धापा टाकत "येस, येस" म्हणत होते.

याच क्वोथचं एक टवाळ पिल्लू आहे, 'क्वोथा'. दुसऱ्याचं बोलणं उचलून त्याची टर उडवायची आणि वर क्वोथा ठोकून द्यायचं. सरांनी हे समजावून सांगितल्यावर मंजिरी पटकन म्हणाली, "म्हणजे आपलं म्हणे! 'मोठा शहाणा म्हणे!'" सर इतके खूश झाले की त्यांनी स्वतः उठून तिच्यासाठी काफी केली. काकू स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून ते दृश्य बघत होती. लग्नापासून त्या गॅसजवळ सरांना कुणी पाहिलं नव्हतं. काफी प्यायल्यावर मात्र सरांचा चेहरा गंभीर झाला. टर उडवणारं 'म्हणे' ठीक, पण दुसरं एक 'म्हणे' असतं, कानडीत त्याला 'अंते' म्हणतात, आणि त्याचा त्यांना मनापासून तिटकारा होता. त्या 'म्हणे'ला मालक नसतो. कोण म्हणालं, कुठे म्हणालं, कशावरून म्हणालं, काही नाही. बोलणं आपलं हवेतून आलं आणि घरात शिरलं. सरांच्या फाटकाच्या आत असल्या 'म्हणे'ला बंदी होती. काकू 'टोमॅटो महाग झालेत म्हणे' असं म्हणाली, की बाहेरच्या खोलीतून लगेच आवाज येई, "क्वोथ हू?" ती म्हणे, "अय्यो, बाजारात जाऊन तुम्हीच विचारा!" आणि सर खरोखर पिशवी घेऊन विचारायला जात. काकूनं पुढे पुढे याचा चांगला उपयोग करून घेतला.

एकदा गल्लीत बातमी पसरली, की इथून मोठा रस्ता जाणार आणि निम्मी घरं पडणार म्हणे. लोक हवालदिल झाले. सरांनी स्कूटर काढली, मला मागे बसवलं आणि उगमाच्या दिशेनं निघाले. इस्त्रीवाल्याला दूधवाल्यानं सांगितलेलं, दूधवाल्याला झेरॉक्सच्या दुकानातल्या बाईनं, तिला तिच्या दिरानं. असं करत करत आम्ही थेट शहराच्या कडेला, हिनकलला, एका फर्निचरवाल्याच्या दारात पोचलो. तो बिचारा जेवत होता. सरांनी त्याला त्याचे नेमके शब्द आठवायला लावले. आमच्या गल्लीत कुणाचं तरी कपाट पोचवायचं होतं, तेव्हा तो आपल्या ड्रायव्हरला म्हणाला होता, "या गल्लीतून मोठी गाडी जाणार नाही, कुणाची तरी भिंत पडेल." सरांनी ते वाक्य हिनकलहून जसंच्या तसं आणलं आणि घरोघर पोचवलं. गल्ली त्या दिवशी शांत झोपली. थोडी निराशही झाली असावी, कारण काहींनी भरपाईचे बेत केले होते.

अशा या माणसाचं आपल्या सख्ख्या मोठ्या बहिणीशी बोलणं बंद आहे, हे आम्हाला फार उशिरा कळलं. तेही अपघातानं. एका शनिवारी संध्याकाळी आम्ही खाली गप्पा मारत बसलो होतो. भजनी मंडळातले एक गृहस्थ प्रसाद द्यायला आले आणि जाता जाता म्हणाले, "नंजनगूडच्या अक्का पडल्या म्हणे. पायाला लागलंय."

मी सवयीनं सरांकडे बघितलं. 'क्वोथ हू' आलंच नाही. ते गृहस्थ गेले. शेवटी काकूनं आम्हाला सांगितलं, की अक्का म्हणजे सरांची मोठी बहीण. अक्काच्या मुलीच्या लग्नात, भर मंडपात अक्का सरांबद्दल काहीतरी लागेल असं बोलली होती. सर न जेवता तडक बसस्टँडवर गेले, आणि तेव्हापासून नंजनगूड हे गाव त्यांच्या नकाशावरून पुसलं गेलं होतं. खरं तर बसनं तासाभराचाही रस्ता नाही. मी रोज त्याच रस्त्यानं कडकोळला जात होतो.

मंजिरी सरळ स्वभावाची आहे. तिनं विचारलं, "सर, अक्का नेमकं काय म्हणाल्या होत्या?"

"'मोठा मास्तर म्हणे!'" सर म्हणाले. एवढ्या वर्षांनीही त्यांनी ते अक्काच्या सुरात म्हटलं.

"तुम्ही ऐकलंत?"

"मी मंडपाच्या दाराजवळ होतो. चुलतभावानं येऊन सांगितलं."

"म्हणजे अक्का असं म्हणाल्या म्हणे," मंजिरी म्हणाली.

प्रसाद ठेवायला स्वयंपाकघरात गेलेल्या काकूचा आवाज आला, "देवा विठ्ठला, आज सापडला!"

सर रागावतील असं मला वाटलं. ते रागावले नाहीत. एखाद्या हुशार विद्यार्थ्याला पेपर देऊन घरी आल्यावर आपण पहिलाच प्रश्न चुकीचा वाचला हे कळावं, तसा त्यांचा चेहरा झाला होता. मग मला म्हणाले, "उद्या रविवार. तुम्हाला सुट्टी, अल्लवा?"

नंजनगूडला अक्काचं घर देवळापासून जवळच, एका अरुंद गल्लीत. पुढे शिवणकामाचं दुकान, मागे घर. अक्का दुकानातच खुर्चीवर बसली होती, प्लॅस्टरमधला पाय स्टुलावर आणि मांडीवर ब्लाउज. हुक लावत होती. सरांपेक्षा बरीच मोठी, पण हनुवटी अगदी सरांची. तिनं वर बघितलं, सरांना आपादमस्तक न्याहाळलं आणि मला म्हणाली, "तुम्ही याच्याबरोबर आलात? मग तुम्हीच सांगा त्याला, आत ये म्हणून."

सर आत आले, पण बसले नाहीत. "अक्का, एक विचारायचं होतं."

"पाय कसा आहे ते?"

"ते पण. पण आधी दुसरं."

मी मागून त्यांचा शर्ट ओढला. काही उपयोग झाला नाही. सर म्हणाले, "पोरीच्या लग्नात तू मला 'मोठा मास्तर म्हणे' असं म्हणालीस का?"

"हौदु," अक्का म्हणाली. "म्हणाले." सुई थांबलीसुद्धा नाही.

सरांच्या पद्धतीत एक मोठी खोट आहे हे मला तेव्हा कळलं. नेमके शब्द शोधत गेलं की कधीकधी ते सापडतात.

"वरपक्षाची माणसं पानावर बसलेली," अक्का मला साक्षीदार करून सांगू लागली, "मत्ते हा लग्नपत्रिका हातात घेऊन त्यातलं इंग्रजी कुठे कुठे चुकलं ते नवऱ्या मुलाच्या बापाला दाखवतोय! मग काय ओवाळू याला? म्हणाले. रागानंच म्हणाले." मग ती सरांकडे वळली. "पण तुला कुणी सांगितलं?"

सरांनी चुलतभावाचं नाव घेतलं.

"आणि पुढचं नाही सांगितलं त्यानं?"

"पुढचं काय?"

अक्कानं ब्लाउज बाजूला ठेवला. "'मोठा मास्तर म्हणे! सकाळपासून उपाशी फिरतोय, कुणीतरी धरून पानावर बसवा त्याला.' एवढं सगळं म्हणाले होते मी. कुणी हललं नाही, तर मीच ताट वाढून घेतलं आणि तुला मंडपभर शोधत फिरले. तू बसमध्ये!" तिचा आवाज चढला होता, तो इथे जरा फुटला. "आठ दिवस वाट बघितली, येईल म्हणून. नंतर मग मलाही राग आला."

सर उभेच होते. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि काढला.

"आता जेवणार का?" अक्का म्हणाली. "की अजून कुणाला विचारून यायचंय?"

"जेवतो," सर म्हणाले.

जेवताना दोघं मनसोक्त भांडली. सारात मीठ कमी आहे यावरून, वडिलांचं शिवणाचं जुनं मशीन कुणाकडे आहे यावरून, लहानपणी विहिरीत चप्पल कुणी टाकली यावरून. बोलायचं साचलेलं इतकं होतं की कानडीतून मराठीत आणि मराठीतून कानडीत उड्या मारताना दोघांनाही दम लागत होता. जेवण झाल्यावर मी दुकानात येऊन बसलो. आत दोघं हळू आवाजात बोलत होती. सर बाहेर आले तेव्हा त्यांचे डोळे लाल होते, आणि हातात केळ्यांची पिशवी होती.

परतीच्या बसमध्ये मी विचारलं, "सर, शेवटी आत अक्का काय म्हणाल्या?"

कडकोळ मागे पडलं. "ते राहू दे," सर म्हणाले. जगातल्या प्रत्येकाचं बोलणं जिन्याखाली उभं राहून जाहीर करणारा हा माणूस त्या दिवशी मला नुसती केळी सोलून देत राहिला.

पुढे माझी बदली झाली आणि आम्ही नाशिकला परत आलो. म्हैसूरहून निघताना सामान ट्रकवर चढत असताना सर गल्लीत उभे राहून ट्रकवाल्याच्या प्रत्येक शिवीचं आम्हाला क्वोथसकट निवेदन करत होते. त्यामुळे निघताना रडायचं राहूनच गेलं. इथे आमच्या इमारतीत रोज कितीतरी 'म्हणे' लिफ्टनं खालीवर करत असतात. कुणी त्यांना अडवत नाही.

परवा सरांचा फोन आला. म्हणाले, "तुमच्या खोल्या कुणाला दिल्या नाहीत. अक्काला घेऊन आलोय. जिना चढायला वेळ लागतो, पण वरच राहीन म्हणते. गॅलरीतून सगळी गल्ली दिसते तिला." मागून कुणीतरी मोठ्यानं काहीतरी म्हटलं, सरांनी त्याहून मोठ्यानं उत्तर दिलं, काकू हसली, आणि त्या गोंधळात फोन तसाच चालू राहिला. आम्ही दोघं स्पीकरला कान लावून ऐकत बसलो. अर्धं कळत होतं, अर्धं नाही.

फोन बंद झाल्यावर मंजिरीनं तो बाजूला ठेवला. मग म्हणाली, "म्हणजे आता म्हैसूरला आपल्या खोल्या नाहीत."

"नाहीत," मी म्हणालो.

"बरं झालं," ती म्हणाली, आणि उठून उगीचच चहा टाकायला गेली.