सावकाश चालणारी माणसं

२२ नोव्हेंबर १९८७. पिंप्राळ्यातला भंगारवाला दीपचंद याच्याकडून हिलाल आबांनी एक जुनी मुकी फिल्म आणि ती हाताने फिरवायचं यंत्र, असं मिळून एकशे एक्कावन्न रुपयांना घेतलं. एकशे चाळीस रोख दिले.

आबांची हयात जत्रांतल्या तंबू सिनेमात गेली होती. घरोघरी टीव्ही आले, तंबू विकला गेला, आबांकडे सिनेमा दाखवायचं एक मोटरचं मशीन तेवढं उरलं. आणलेली फिल्म त्यांनी उजेडात धरून पाहिली. १९१४ सालचं परदेशातलं गाव. लढाई सुरू झाल्याचा कागद भिंतीवर लागलाय, पाववाला दुकान बंद करतोय, फलाटावर एक आई मुलाच्या कोटाचं बटण लावतेय.

शेजारच्या भिकुबाईंचा मुलगा अभिमन फौजेबरोबर श्रीलंकेत गेला होता. दोन महिने पत्र नव्हतं. ही फिल्म त्यांनी पाहावी, असं आबांच्या मनाने घेतलं.

“भाऊ, यामा लढाई ते नही ना?” भिकुबाईंनी विचारलं.

“नही वं अक्का. मांगे राहेल माणसं शेतस.” घरी मागे राहिलेल्यांचीच ही फिल्म, असं आबांनी सांगितलं.

अंगणात पडदा लागला, गल्ली जमली. पण मोटर फिरली ती बोलपटाच्या जलद वेगाने, आणि पडद्यावरची माणसं मुंग्यांसारखी पळत सुटली. आईने बटण लावलं की चिमटा काढला, कळेना.

“आबा, यांना लढाईची नाही, शेवटच्या एसटीची घाई दिसते!” पिठाच्या गिरणीतला चुडामण ओरडला. गल्ली खो खो हसली.

पडद्यावर पळणाऱ्या आईकडे बघत भिकुबाई उठल्या. “माय पोऱ्याले निरोप देस ते अशी पयस का?” एवढं बोलून त्या घरात गेल्या.

आबांना तोंड लपवावंसं वाटलं. मुकी फिल्म हातानेच फिरवायची असते, हे ठाऊक असून त्यांनी सवयीने मोटर लावली होती. दुसऱ्या संध्याकाळी हाताच्या यंत्राला तेल घालून ते पडदा घेऊन भिकुबाईंच्या ओसरीवर गेले. सुरुवातीला हातही घाईतच.

“हयूहयू, भाऊ. जातं फिरावतस तसं.”

भिकुबाई जात्यावरचा सूर गुणगुणू लागल्या आणि आबांचा हात त्यात बसला. पडद्यावरच्या आईने बटण नीट लावलं, खांद्यावरून हात फिरवला. गाडी गेल्यावर ती थोडी थांबली, मग टोपली उचलून बाजारात गेली. घरी येऊन तिने दोन ताटल्या मांडल्या.

“दुसरी पोऱ्यानी शे,” भिकुबाई म्हणाल्या.

सकाळी त्यांनी अभिमनची गुंडाळून ठेवलेली गादी उन्हात टाकली.

दीपचंदचे अकरा रुपये अजून द्यायचे आहेत.