खिशातलं गाव

माझी कला लोकसहभागाची आहे. म्हणजे काम लोक करतात आणि नाव माझं होतं. हे मी व्याख्यानात सांगायचो तेव्हा लोक हसायचे. हल्ली सांगतो तेव्हा मी एकटाच हसतो, तेही सवयीने.

आमच्या उल्हासनगरात जीन्स शिवल्या जातात आणि त्यांचे लोंबणारे धागे कापायचं काम बायकांकडे घरी जातं. विठ्ठलवाडी स्टेशनामागच्या चाळीत दारोदारी निळे गठ्ठे दिसतात. स्थलांतर आणि श्रम असा भारदस्त विषय घेऊन मी या बायकांमध्ये जाऊन बसू लागलो. कात्री चालवायला शिकलो, दोन पँटींना भोकं पाडली आणि ‘तुम्ही नुसत्या गप्पा मारा’ अशी बढती मिळवली.

त्यातली एक मुरबाडकडच्या पाड्यावरची. नवरा आनंदनगरच्या कारखान्यात रसायनाच्या पिंपाखाली सापडला, तेव्हापासून कमरेखाली हलत नाही. त्याला कूस बदलून द्यायची, पाणी द्यायचं आणि मधल्या वेळात धागे कापायचे. घरात बसून होणारं तेवढं एकच काम तिच्याजवळ होतं. हे मला ठाऊक होतं. माझ्या वहीत ते व्यवस्थित लिहिलेलंही होतं.

आणि मला कल्पना सुचली. प्रत्येकीने खिशाच्या पांढऱ्या अस्तरावर आतून, टेलरच्या निळ्या पेन्सिलीने, आपल्या गावाचं नाव लिहायचं. पँट धुलाईला गेली की अक्षर पुसणार. गाव पुसलं जातं, वगैरे वगैरे.

तिने विचारलं, “दादा, कुनाला दिसनार नाय ना?”

“ताई, धुलाईच्या पाण्यात अख्खा माणूस विरघळेल. पेन्सिलीचं काय घेऊन बसलात!”

“पन ह्यो माल कोरा हाय. कडक बघा. धुवायला जात नसंल.”

“सगळा माल धुलाईलाच जातो,” मी म्हणालो. “माझा जन्म इथला. मला जीन्स शिकवता?”

बाकीच्या बायका खाली मान घालून हसल्या आणि त्यांनी काही लिहिलं नाही. तिने लिहिलं. मी रोज येऊन बसतो, नवऱ्याशी दोन शब्द बोलतो, म्हणून माझं मन राखलं. गठ्ठाभर लिहिलं, सावकाश, गोल अक्षरात.

काही जीन्स न धुताच, कडक विकतात. तशी फॅशन आहे म्हणे. हाही माल तसाच गेला आणि खिशातली अक्षरं दिसल्यावर परत आला. खिशात नाव नव्हतं, गाव होतं. पण त्या गल्लीत त्या गावची ती एकटीच.

मी गठ्ठे देणाऱ्या सिंधी शेठकडे धावलो. म्हटलं, चूक माझी आहे.

“सांई, ते मला माहितेय,” शेठ म्हणाला. “चित्रकार आहेस तर भिंतीवर काढ ना. माझ्या पँटमध्ये कशाला घुसलास? आणि तुला कामावरून कसा काढू? तू कामच कुठे करतोस?”

तिला त्याने गठ्ठे देणं बंद केलं. त्याचं बघून गल्लीत माल देणाऱ्या बाकीच्या शेठांनीही बंद केलं. परत आलेला माल तो फेकणार होता, तो मी उचलून आणला. आणि सांगायला लाज वाटते, पण मुंबईच्या प्रदर्शनात मी त्याच पँटी खिसे उलटे करून टांगल्या. लोक त्यांच्यापुढे बराच वेळ उभे राहिले. पोस्टरवर तिचं अक्षर मोठं करून छापलं होतं.

ते पोस्टर गुंडाळून, एका दुपारी, माफी मागायला गेलो. दाराला बाहेरून कुलूप.

“कोन हाय?” आतून नवऱ्याचा आवाज आला.

खिडकीशी गेलो. तो कॉटवर होता, मान तेवढी वळवलेली.

“चित्रवाले साहेब व्हय! ती बदलापूरला बांधकामावर जाते आता. सातला येईल.” मग म्हणाला, “तुमचं ते परदर्शन झालं का चांगलं?”

“झालं,” मी म्हणालो.

“बरं झालं. साहेब, येवढी बाटली ढकलता का इकडं? सकाळी ती घाईत लांब ठेवून गेली.”

पाण्याची बाटली खिडकीखालच्या स्टुलावर होती, त्याच्या हातापासून वीतभर लांब. गजांतून माझा हात कोपरापर्यंतच जात होता. मी गुंडाळलेलं पोस्टर आत घातलं. चांगला जाड कागद होता. बाटली थोडी सरकली. त्याने बोटं लांबवली. मला हुरूप आला आणि मी जरा जोर लावला.

बाटली आडवी झाली, घरंगळली आणि कॉटखाली गेली.

मी पोस्टर बाहेर ओढून घेतलं.

“ऱ्हाऊ द्या साहेब,” तो म्हणाला. “येईल ती सातला.”

मी घड्याळ बघितलं. सव्वा दोन वाजले होते.