उपांत्य सामन्याच्या सकाळी

आगरदांड्याजवळच्या आमच्या गावातून राज्याच्या मुलींच्या फुटबॉल संघात दोघीच निवडल्या गेलो. मी बचावफळीत खेळायचे आणि माझी मैत्रीण गोलकीपर. माझे वडील मिनिडोर रिक्षा चालवतात, तिचे मासेमारीला जायचे. भरती ओसरली की आम्ही पुळणीवर खेळायचो. तिच्या बाबांनी बांबू रोवून, जुनं जाळं ताणून आम्हाला गोल करून दिला होता. होडीवरून येताना ते लांबूनच ओरडायचे, "किती गोल खाल्ले गं आज?" तीही ओरडून आकडा सांगायची. खोटं कधी सांगायची नाही.

राष्ट्रीय स्पर्धा दूरच्या राज्यात होती. आम्ही उपांत्य फेरी गाठली. मी कर्णधार होते. सामन्याच्या सकाळी प्रशिक्षकांनी मला बाजूला घेतलं. माझ्या वडिलांचा त्यांना फोन आला होता. खाडीच्या तोंडाशी वाऱ्यात होडी उलटली होती. बरोबरचा खलाशी पोहत किनाऱ्याला लागला, पण तिचे बाबा सापडत नव्हते.

"सामना संपेपर्यंत तिला सांगू नकोस," सर म्हणाले. "आत्ता निघाली तरी उद्याच पोहोचणार. मी गाडीची व्यवस्था करतोय." ते वाईट माणूस नव्हते. बोलताना त्यांचेही डोळे भरले होते.

मी खोलीत गेले तेव्हा ती हातमोजे घालत होती. मला बघून हसली आणि म्हणाली, "बाबानं शेजारच्या दादाला सांगून ठेवलंय, मोबाईलवर आपली मॅच लावून दे म्हणून." ते ऐकल्यावर मला गप्प बसवेना. मी तिच्याजवळ बसले आणि सगळं सांगून टाकलं.

ती रडली नाही. एक हातमोजा काढला, दुसरा तसाच राहिला.

"होडी मिळाली?"

"मिळाली."

"आणि बाबा?"

मी नकारार्थी मान हलवली. ती उठून पिशवी भरायला लागली. संघाच्या मॅडम तिला घेऊन निघाल्या. सर मला एवढंच म्हणाले, "तुला सांगितलं होतं ना!"

आम्ही हरलो. राखीव गोलकीपर आमच्यातली सगळ्यात लहान. तिच्या डोक्यावरून दोन चेंडू गेले. सामन्यानंतर ती माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडत राहिली. मी तिला थोपटत होते, आणि लक्ष सगळं आमच्या गावच्या धक्क्याकडे होतं.

आम्ही परत येण्याआधीच खाडीपलीकडे दिघीच्या बाजूला तिच्या बाबांचं प्रेत सापडलं होतं. मी तिच्या घरी गेले तर ती ओटीवर बसली होती. 

"मी आले तेव्हा बाबा मिळाला न्हवताच. मग नुसती धक्क्यावर बसून होते. मॅच झाल्यावर सांगितलं असतंस तर खेळले तरी असते. त्याला तेवढीच बघायची होती."

मी तिच्या शेजारी टेकले. मग तीच म्हणाली, "न्हाय, नको. सांगितलंस ते बरं केलंस." पण तिनं माझ्याकडे बघितलं नाही. त्या दोन वाक्यांतलं कुठलं खरं, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. तिलाही आलं नसेल.

पुढच्या निवडचाचणीला मी तिला बोलवायला गेले. ती आईबरोबर सुकत घातलेले बोंबील उलटत होती. म्हणाली, "आईसोबत बाजारात कोण जाणार?" मी दोनदा विचारलं. तिसऱ्यांदा विचारायचा धीर झाला नाही.

आता मी गावातल्या मुलींना फुटबॉल शिकवते. परवा ती टोपली घेऊन पुळणीवरून जात होती. थांबून थोडा वेळ खेळ बघितला.

"गोलात कोण उभी हाय?"

"खालच्या आळीतली धाकटी."

"उंच चेंडूला पुढं येत न्हाय ती."

"घाबरते."

"शिकव तिला," ती म्हणाली. टोपली डोक्यावर सारखी केली आणि बाजाराच्या वाटेला लागली.