कोर्टातला फेटा

आमच्या आबांना कुणीही ‘कसं काय?’ विचारलं की उत्तर एकच, ‘बरंय.’ शेतात कांदा सडला तरी बरंय, अंगात ताप असला तरी बरंय. बोरीच्या थांब्यावर ते बसमधून उतरत असतानाच ड्रायव्हरनं गाडी सोडली आणि आबा उजव्या खांद्यावर रस्त्यात पडले. उचलायला धावलेल्या माणसांनाही ते ‘बरंय, बरंय’ म्हणत होते. खांद्याचं हाड मोडलं होतं.

हाड जुळलं, पण हात छातीच्या वर जाईना. ऑपरेशन केलं तर फरक पडेल, असं डॉक्टर म्हणाले. तेवढा पैसा घरात नव्हता, म्हणून आम्ही नुकसानभरपाईचा दावा लावला. गाडी लवकर सोडल्याचं बसवाल्यांनी मान्य केलं, पण म्हाताऱ्याला कायमचं काही झालेलं नाही, असा त्यांचा हेका. आणि तो हेका खरा करून दाखवायची आबांनाच कोण हौस! दाव्यासाठी तपासणी झाली, तेव्हा डॉक्टरांनी हात वर करायला सांगितला. आबा अख्खेच्या अख्खे डावीकडे कलले आणि हात उंच गेल्याचा देखावा केला. मी पुढे होऊन त्यांना सरळ उभं केलं, म्हणून निभावलं.

आबा शेतकरी, पण पंचक्रोशीत त्यांना ओळखतात ते फेट्यामुळं. नवरदेवाचा फेटा आबांनीच बांधायचा, हा ठरलेला मान. माझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नात जावयाचा फेटा आपल्या हातचा असणार, हे तर त्यांनी ती शाळेत असल्यापासून ठरवून टाकलं होतं. अपघातानंतर ते मांडवात मागच्या खुर्च्यांवर बसायला लागले. कुणी बोलवायला आलं की म्हणायचे, “आता पोरांना शिकू द्या की.” मला ते ऐकवत नसे.

साक्षीच्या दिवशी मात्र ते अडून बसले, कोर्टात बोडक्यानं जायचं नाही. मग फेटा मी बांधला. स्टुलावर बसून आबांच्या सूचना चालूच होत्या. “पीळ घट्ट घे. डोकं बांधतीयस का गवताचा भारा?”

बसवाल्यांचे वकील भलतेच गोड बोलणारे निघाले.

“काय आजोबा, तब्येत कशी आहे आता?”

उत्तर मला ठाऊक होतं.

“बरंय.”

“शेतात जाता?”

“जातो की.”

“म्हणजे त्रास असा काही नाही?”

“तसा काय नाय. देवाची दया.”

आमच्या वकीलबाईंनी डोळेच मिटून घेतले. मला इतका राग आला की वाटलं, तिथंच ओरडावं. एवढा खटाटोप केला तो काय ही देवाची दया ऐकायला? मी पुढे वाकून वकीलबाईंच्या कानात सांगितलं, “फेटा कुणी बांधला ते विचारा.”

त्या उठल्या. “बाबा, हा फेटा आज कुणी बांधला?”

आबांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी मान खाली घातली. “लेकीनं.”

“गावाचे फेटे तर तुम्ही बांधता ना?”

“बांधत व्हतो.”

“मग आज?”

न्यायाधीश लिहिणं थांबवून आबांकडे बघायला लागले. आबांचा डावा हात फेट्याकडे गेला, उजवा होता तिथंच राहिला.

“पोचत नाय साहेब,” ते म्हणाले. “सोताच्या डोक्याला बी नाय पोचत. लई खटपट केली.”

मला रडू आलं. आबांना मी पहिल्यांदाच ‘जमत नाही’ असं म्हणताना ऐकत होते.

घरी पोचल्यावर आबा म्हणाले, “चारचौघांत लाज काढलीस.”

“लाज कसली? तुमाला बसनं पाडलं. लाजायचं तर त्यांनी लाजावं!”

आबा हात धुऊन पानावर बसले आणि पोटभर जेवले.

निकाल आमच्या बाजूनं लागला, भरपाई मिळाली आणि ऑपरेशन झालं. मग रोज सकाळी आबा भिंतीकडे तोंड करून उभे राहायचे आणि उजव्या हाताची बोटं भिंतीवर मुंगीसारखी वर वर चढवायचे. जिथं बोटं थांबतील तिथं आई कुंकवाचं बोट उमटवायची. ठिपके चढत चढत कॅलेंडरच्या खालच्या कडेपर्यंत, म्हणजे आबांच्या कपाळाच्या उंचीपर्यंत गेले आणि तिथंच थांबले. याहून वर हात जाणार नाही, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं.

धाकटीचं लग्न लोणीला झालं. जावई चांगला धिप्पाड, म्हणून आबांनी त्याला बसक्या पाटावर बसवलं आणि फेटा बांधायला घेतला. मधे दोनदा थांबून खांदा दाबला. घाम आला होता, पण एकेक पीळ पूर्वीसारखाच बसत होता. फक्त तुरा काढायचं काम त्यांनी माझ्याकडे दिलं आणि त्यातही दोन चुका काढल्या.

तेवढ्यात आणे गावाहून आलेले त्यांचे जुने स्नेही समोर येऊन उभे राहिले. “काय पावणं, बरंय का?”

माझा हात तुऱ्यावरच थांबला.

“खांदा लई दुखतोय राव,” आबा मोठ्यानं म्हणाले. “पण फेटा मीच बांधलाय.”