एका टबात दोन एलिमेंट

१९७३च्या डिसेंबरात प्रतापनगरच्या आमच्या घरातला, आईच्या पायासाठी केलेला टब तापेनासा झाला. नऊ दिवस तो तसाच होता.

अंगणात पडून आईचा उजवा गुडघा मोडला होता. प्लास्टर निघालं तेव्हा तो पस्तीस अंश वाकत होता. हाडांच्या डॉक्टरांनी सांगितलं, रोज दोनदा वीस मिनिटं गुडघा गरम पाण्यात बुडवून वाकवायचा. सहा आठवड्यांत सुटला तर सुटला, नाही तर जन्मभर तसाच. मोठ्या भावाने जस्ती पत्र्याचा लांबट टब करून आणला, बुडाशी पाणी तापवणारा एलिमेंट बसवून घेतला. पाणी तापलं की प्लग काढायचा, मगच आई आत बसायची.

भाऊ आणि मी वर्षभर बोलत नव्हतो. वडील गेले तेव्हा मी बातमीच्या कामावर बाहेरगावी होतो. त्याने माझी वाट न पाहता अग्नी दिला. तार उशिरा पोचली असं तो म्हणे. उशिरा केली असं मी म्हणे. एका छताखाली राहून आमचं बोलणं आईमार्फत होई.

टब तापायला दीड तास लागत होता. मी दुसरा एलिमेंट विकत आणला.

"आई, त्याले सांग, माया प्लगले हात नाही लावाचा," भाऊ म्हणाला.

मी प्लगला हात लावला नाही. तो कचेरीत गेल्यावर पत्रेवाल्याकडून टबाला दुसरं भोक पाडून माझा एलिमेंट बसवला. त्याच्या एलिमेंटची एक वायर सोडवली, ती माझ्या एलिमेंटला जोडली आणि माझ्या एलिमेंटपासून वायरचा एक तुकडा त्याच्या एलिमेंटकडे नेला. त्याच्यातून निघालेली वीज माझ्यातून जाईल आणि पाणी दुप्पट तापेल, असा माझा समज होता. संध्याकाळी पाणी कोमटाच्या पुढे गेलं नाही.

"आई, विचार त्याले, पेपरात असंच जुळवते काय तो?"

"आई, सांग त्याला, फ्यूज ढिला केला असेल त्यानेच."

फ्यूज काढून पाहिला. ठीक होता. टबाच्या प्लगच्या जागी टेबलदिवा लावला, तो नीट लागला. मग भावाने मी आणलेला माल भंगार आहे म्हटलं. मी त्याचा एलिमेंट जळाला म्हटलं. जोडणी उघडून पाहायचं मी सुचवलं नाही. आई रोज कोमट पाण्यात बसत होती. गुडघा वाकवताना ओरडत होती.

दहाव्या दिवशी जरीपटक्याहून वायरमन आला. त्याने टबाखालचं झाकण काढलं, बल्बच्या दोन वायरी इथेतिथे लावून पाहिल्या आणि हसला.

"दोनी एलिमेंट चांगले हायेत. हे जोडलं कोनं?"

मी जमिनीवरचं झाकण उचलून पुसू लागलो.

"एका मांगं एक जोडले ना. एकाच्या ताटात दोघं बसवले, दोघंय उपाशी. एकटा होता त्याच्याहून कमी तापून राहिलं पानी."

"मंग बराबर जोड ना गा," आई म्हणाली.

"जोडतो माय, पन घरची वायर दोघाले नाही पोसत. जळून जाते. एक काढा लागते. कोनाचा काढू?"

"आई, टब माया हाये," भाऊ म्हणाला.

"आई, माझा नवा आहे," मी म्हणालो.

"अजी, काळीज काढून नाही मांगून राहिलो मी. एलिमेंट म्हनतो."

भाऊ माझ्याकडे वळला. वर्षभरात पहिल्यांदा थेट बोलला. "तूच जोडलं ना?"

"नाही," मी म्हणालो.

वायरमन पान्हा हातात धरून बसला. त्याने आणखी दोनदा विचारलं. आईने काठी घेतली, उठली, टबापाशी आली.

"पाय माया हाये. त्याले कोनी विचारलं काय?" ती म्हणाली. "दोनी काढ बाप्पा."

"माय, मंग टब कायचा राहते?"

"काढ म्हनलं ना."

त्याने दोन्ही काढले आणि ओट्यावर ठेवले. टबाला दोन भोकं राहिली. भावाने त्याचा एलिमेंट उचलला, मी माझा.

त्यानंतर शेगडीवर एक पातेलं पाणी तापत असे. आई ते तांब्याने गुडघ्यावर ओतून घेई आणि पाय स्वतःच वाकवी. आम्हा दोघांपैकी कोणी जवळ आलं तर थांबे.

सहा आठवडे पूर्ण झाल्यावर, जानेवारीत, डॉक्टरांनी गुडघा मोजला. तो पस्तीसच अंश वाकला.